भातावाचून काल्दीन : कमी कर्बोदकांचा मासळीचा रस्सा घरच्या घरी

गोमंतकीय स्वयंपाकघरातील मासळीची कडी भातासाठीच जन्माला आलेली आहे. तिचे मीठ, तिचा तिखटपणा, सोलांचा आंबटपणा आणि तिचा पातळपणासुद्धा शितात कालवल्यावर नेमका व्हावा, अशा बेताने ठरलेला असतो. म्हणूनच वैद्यकीय सल्ल्याने वा वजन आटोक्यात ठेवण्यासाठी ज्यांच्या ताटातील भात अचानक कमी होतो, त्यांना दोन-चार दिवसांतच एक गोष्ट जाणवते. तीच रोजची कडी वाटीत घेऊन नुसती खाल्ली तर खारट लागते, घशाला चटका देते आणि तासाभरात पुन्हा भूक लागते. मग माणूस कंटाळतो आणि आठवड्याच्या आत भात पूर्वीच्याच मापाने ताटात परततो.

गोव्यापुरता तरी हा विषय किरकोळ नाही. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या ‘इंडियाब’ या देशव्यापी पाहणीचे निष्कर्ष २०२३ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यानुसार देशातील प्रौढांत मधुमेहाचे प्रमाण ११.४ टक्के होते. गोव्यात ते २६.४ टक्के, म्हणजे सर्व राज्यांत सर्वाधिक आढळले. चार प्रौढांमागे एक, असा हा हिशेब आहे. त्याच पाहणीच्या आधारे २०२२ मध्ये मांडल्या गेलेल्या आहारविषयक अभ्यासात कर्बोदके शून्यावर आणण्याची शिफारस नाही. रोजच्या उष्मांकांतील त्यांचा वाटा निम्म्याच्या आसपास आणावा आणि प्रथिनांचा वाढवावा, असा त्याचा रोख आहे. भारतीय ताटात हा वाटा बहुधा साठ टक्क्यांच्या पुढेच असतो. ‘लो कार्ब’ या शब्दाभोवती समाजमाध्यमांवर जो टोकाचा उत्साह दिसतो, त्यापेक्षा ही दिशा घरगुती स्वयंपाकाला कितीतरी जवळची आहे.

तेव्हा प्रश्न असा उरतो, की भाताचा आधार काढून घेतल्यावरही जेवण वाटेल असा मासळीचा रस्सा कसा करावा? त्याचे उत्तर शोधायला फार दूर जावे लागत नाही. गोव्यातल्याच एका जुन्या पदार्थात त्याचा निम्मा भाग तयार आहे.

काल्दीन आणि काल्देराद

ख्रिस्ती घरांतून होणारे काल्दीन हे नाव पोर्तुगीज ‘काल्दिन्यो’वरून आले. ‘काल्दो’ म्हणजे मांस-मासळीचा पातळ रस्सा आणि ‘काल्दिन्यो’ हे त्याचे लाडके, लघुत्वदर्शक रूप. नाव पोर्तुगीज असले तरी आतला ऐवज इथला: नारळाचा रस, धणे, जिरे, मिरी, हळद, लसूण आणि हिरवी मिरची. लाल मिरचीचे वाटण त्यात नसते, त्यामुळे रंग पिवळसर आणि चव सौम्य. हुमणाच्या तुलनेत तो मुळातच वाटीतून चमच्याने खाता येण्याजोगा पदार्थ आहे.

दुसरा अर्धा भाग काल्देरादीचा. ‘काल्देरा’ म्हणजे मोठे भांडे. पोर्तुगालच्या किनाऱ्यावर कोळी ज्या भांड्यात बटाटा, कांदा, टोमॅटो, ढोबळी मिरची आणि दोन-तीन जातींची मासळी थरावर थर रचून, वर ऑलिव्हचे तेल आणि थोडी पांढरी वाइन घालून मंद आचेवर शिजवतात, तो हा पदार्थ. त्याचे वैशिष्ट्य म्हणजे त्यात पळी घालत नाहीत. भांडेच अधूनमधून हलवतात. गोव्यातही काही घरांत तो केला जातो. भाजी आणि मासळी एकाच भांड्यात शिजत असल्याने वेगळा भात किंवा पाव नसला तरी ते पूर्ण जेवण होते.

या दोहोंच्या जोडीला ‘फ्यूजन’ म्हणावे का, यावर वाद घालता येईल. मलई, चीज आणि गवती चहा एकाच कढईत लोटून त्याला हे नाव देण्याची सध्या पद्धत पडली आहे; तिच्याशी या रश्श्याचे नाते नाही. १५१० ते १९६१ या साडेचारशे वर्षांत गोव्याच्या चुलीवर जे घडत गेले ते सावकाश घडले, आणि म्हणून टिकले. मिरची, टोमॅटो, बटाटा, ढोबळी मिरची हे सारे अमेरिका खंडातून आले आणि ‘बटाटा’ हा शब्दही पोर्तुगिजांबरोबरच आला. उलट दिशेने, हिंदी महासागराच्या किनाऱ्यावरचा नारळ पोर्तुगीज जहाजांनीच सोळाव्या शतकात अटलांटिकपलीकडे नेला. ब्राझीलच्या बाइया प्रांतातील ‘मोकेका’ हा प्रसिद्ध मासळीचा रस्सा आज नारळाच्या रसात आणि ताडजातीच्या लाल तेलात शिजतो, तो त्या प्रवासामुळे. गोव्याच्या गृहिणीला मोकेका पहिल्यांदा खाताना ओळखीचा वाटला, तर आश्चर्य नाही. मात्र तोही ब्राझीलमध्ये भात आणि कसाव्याच्या पिठाबरोबर वाढतात. त्यामुळे परदेशी नावाचा रस्सा आपोआप कमी कर्बोदकांचा होतो, असे समजण्याचे कारण नाही.

कर्बोदके नेमकी कुठे असतात

शिजवलेल्या १०० ग्रॅम पांढऱ्या भातात सुमारे २८ ग्रॅम कर्बोदके असतात. दुपारच्या जेवणात २५० ग्रॅम भात सहज जातो. म्हणजे ७० ग्रॅम कर्बोदके केवळ शितांतून. उकड्या तांदळाचा भात पचायला किंचित सावकाश आणि पोषणाला उजवा असला, तरी कर्बोदकांचे माप जवळपास तेच राहते. खाजन शेतीतला कोरगुट त्याच्या चवीसाठी जरूर खावा, पण तो भात नव्हे अशी स्वतःची समजूत करून घेऊ नये. पोयीचेही तसेच. तिच्यावर कोंडा असतो, परंतु तिच्या वजनाचा जवळपास अर्धा भाग कर्बोदकांचाच.

मासळीत कर्बोदके नसतात, हे सर्वांना ठाऊक आहे. शिंपल्यांच्या बाबतीत मात्र थोडी सावधगिरी बरी: तिसऱ्या, खुबे, शिणाणे यांत ती थोड्या प्रमाणात असतात. कांद्यात १०० ग्रॅमला सुमारे ९ ग्रॅम, ढोबळी मिरचीत ५, टोमॅटोत ४, पांढऱ्या मुळ्यात साधारण साडेतीन. बटाट्यात मात्र १७ ते २०. पोर्तुगीज काल्देरादीतील बटाट्याचा थर काढून तिथे मुळा घातला, की या पदार्थातील सर्वांत मोठा फेरबदल झाला. सुंगटांच्या हुमणात मुळा घालण्याची रीत गोव्यात आहेच. त्यामुळे हा बदल उपरा वाटत नाही. मुळा न मिळाल्यास दुधी, कोहळा किंवा फ्लॉवर चालतो.

लपलेली कर्बोदके वाटणात असतात. कडीला दाटपणा यावा म्हणून काही घरांत नारळाबरोबर चमचाभर भिजवलेले तांदूळ वाटतात. उडदामेथीत उडदाच्या डाळीच्या जोडीला तांदूळही असतात. हॉटेलांत कॉर्नफ्लॉवरचा हात सैल असतो. काजूची पेस्ट हा तर ‘पौष्टिक’ म्हणून मिरवणारा घटक. तिच्यात १०० ग्रॅमला सुमारे ३० ग्रॅम कर्बोदके असतात. हे सगळे वगळल्यावर रस्सा पाणीदार होईल, ही भीती खरी आहे. तिच्यावरचा उपाय मासळीच्या डोक्यात आणि काट्यांत आहे. ती मंद आचेवर उकळली, की त्यांतील चिकट प्रथिन पाण्यात उतरते आणि रस्सा ओठांना जाणवेल इतका भरीव होतो. भाताने दिलेला भरीवपणा असा मासळीकडूनच परत मिळवता येतो.

बाजारात

चार माणसांसाठी ६०० ते ७०० ग्रॅम घट्ट मांसाची मासळी लागते. चोणक सर्वांत योग्य. मोडसो, गोबरो, तांबोसोही उत्तम. विसवण चालते, पण ती लवकर कोरडी पडते, म्हणून वेळेकडे लक्ष हवे. नाजूक मासळी, उदाहरणार्थ लेपो किंवा मुड्डोशी, या भांड्यात विरघळून जाते. ती तव्यावरच शोभते.

नेहमीच्या ताटात मासळीचा एखादाच तुकडा असतो, ७०-८० ग्रॅमचा. भात गेल्यावर पोट भरायचे तर माणशी दीडशे ग्रॅम तरी लागते, आणि चोणक-विसवणीचे भाव पाहता हे सर्वांना रोज परवडणारे नाही, ही गोष्ट आहारतज्ज्ञांच्या तक्त्यांत क्वचितच लिहिलेली असते. आठवड्यातून दोनदा चोणक आणि एरवी बांगडा-तारले, असा मेळ बहुतेक घरांना घालावा लागेल. बांगड्याचे तेलकट मांस नारळाच्या दाट रसात जड होते. त्याच्यासाठी रस पातळच ठेवावा, धणे-जिऱ्याऐवजी चार-पाच तिरफळे ठेचून घालावीत आणि सोले थोडी वाढवावीत. तो पदार्थ मग काल्दीन राहत नाही, हुमणाकडे झुकतो. पण कर्बोदकांच्या हिशेबात तितकाच हलका असतो.

ताजेपणाची परीक्षा सर्वांना ठाऊक आहे: डोळे फुगीर व चकचकीत, कल्ले लाल, मांस दाबल्यावर खळगा न राहणारे. बांगडा, तारले आणि कुप्पा या जातींबाबत एक गोष्ट अधिक लक्षात ठेवावी. त्या उन्हात, बर्फाविना तास-दोन तास राहिल्या तर त्यांच्यात हिस्टामीन तयार होते, आणि ते शिजवल्याने नष्ट होत नाही. अंगावर गांधी उठणे, तोंड लाल होणे, डोके दुखणे असा त्रास अनेकदा ‘मासळी बाधली’ या नावाने ओळखला जातो. त्यामुळे बाजारात जाताना डब्यात थोडा बर्फ नेणे हा अतिरेक नव्हे. १ जून ते ३१ जुलै या मासेमारीबंदीच्या काळात संवर्धित चोणक आणि खाडीतली मासळी हाच आधार असतो.

साहित्य

मासळीशिवाय १५० ग्रॅम सोललेली सुंगटे (ऐच्छिक), एक मध्यम कांदा, दोन टोमॅटो, एक हिरवी ढोबळी मिरची, १५० ग्रॅम मुळा. एक मध्यम ओला नारळ. दीड चमचा धणे, एक लहान चमचा जिरे, आठ-दहा मिरी, अर्धा लहान चमचा हळद, लसणीच्या सहा पाकळ्या, आल्याचा बोटाच्या पेराएवढा तुकडा, तीन हिरव्या मिरच्या. आंबटपणासाठी चार-पाच सोले किंवा एक मोठा चमचा माडाचे व्हिनेगर. दोन्ही एकदम नकोत. एक मोठा चमचा खोबरेल किंवा ऑलिव्हचे तेल. मीठ सव्वा लहान चमचा, आणि ते का इतकेच, हे पुढे येईल. कोथिंबीर मूठभर.

या साऱ्यात मिळून अंदाजे ४५ ते ५० ग्रॅम कर्बोदके होतात. म्हणजे माणशी बारा ग्रॅमच्या आसपास. त्याच वाटीबरोबर दोन मोठे चमचे, साधारण ४० ग्रॅम, भात घेतला तरी एकूण आकडा २५ च्या आत राहतो. ज्यांना भाताचा एक घासही नसेल तर जेवल्यासारखे वाटत नाही, त्यांनी तो जरूर घ्यावा.

कृती

मासळी धुऊन तिचे सुमारे तीन सेंटिमीटर जाडीचे तुकडे करावेत. मिठाच्या मापातून अर्धा चमचा मीठ आणि चिमूटभर हळद लावून पंधरा मिनिटे ठेवावेत. डोके आणि काटे वेगळे काढून, कल्ले टाकून, स्वच्छ धुवावेत. ते तीन कप पाण्यात, कांद्याच्या टोकांसह, वीस मिनिटे मंद उकळावेत. वीस म्हणजे वीसच. मांसाच्या हाडांप्रमाणे मासळीचे काटे तासन्‌तास उकळले तर पाणी कडसर होते. वर येणारा फेस काढून टाकावा आणि अर्क गाळून घ्यावा. तो दोन कप उरतो.

नारळ खवून अर्धा कप कोमट पाण्याबरोबर वाटावा आणि पिळून पहिला दाट रस बाजूला ठेवावा. मग उरलेल्या चोथ्यात धणे, जिरे, मिरी, हळद, आले, लसूण आणि एक हिरवी मिरची घालून पुन्हा बारीक वाटावे. दुसऱ्या, पातळ रसासाठी पाणी न वापरता गाळलेला कोमट अर्कच घालावा. मसाल्याचा स्वाद, नारळाचा उरलेला स्निग्धांश आणि मासळीचा अर्क हे तिन्ही एकाच गाळणीतून खाली उतरतात. मसाला रश्श्यात कचकच न राहता त्याचा केवळ गंध राहतो, हे काल्दीनाचे खरे मर्म. चोथा टाकून द्यावा. गाळण्याचा कंटाळा करून सगळे वाटण तसेच घातले तर रस्सा दाट होईल, पण तो काल्दीन होणार नाही.

पसरट, जाड बुडाचे भांडे घ्यावे. मातीचे असल्यास फारच छान. तळाशी तेल, त्यावर मुळ्याच्या चकत्या, मग कांदा, ढोबळी मिरची, अर्धे टोमॅटो आणि दोन उभ्या चिरलेल्या मिरच्या असा थर लावावा. त्यावर पातळ रस ओतून, उरलेल्या मिठातले अर्धे घालून, झाकण ठेवून मध्यम-मंद आचेवर बारा ते पंधरा मिनिटे शिजवावे. मुळ्यात सुरी सहज शिरली पाहिजे. सोले किंवा व्हिनेगर या आधी घालण्याची घाई करू नये. आंबट पडले की भाजी शिजायला विलक्षण वेळ लावते, आणि मुळा कचवट राहिला तर त्याचा उग्रपणा सगळ्या भांड्यावर राज्य करतो.

मुळा शिजल्यावर आंबट घालावे, त्यावर मासळीचे तुकडे एका थरात मांडावेत, वर उरलेले टोमॅटो ठेवावेत. रस मासळीच्या निम्म्यापर्यंत आला तरी पुरे. झाकणाखालची वाफ बाकीचे काम करते. आच मंद. तीन सेंटिमीटर जाडीच्या तुकड्याला सहा ते आठ मिनिटे लागतात. मांस काट्यापासून सुटू लागले, त्याच्या पाकळ्या वेगळ्या होऊ लागल्या आणि मधला काचेसारखा रंग जाऊन दुधाळ झाला, की मासळी झाली. यापुढे प्रत्येक मिनिट तिला कोरडे करते. सुंगटे घालायची असल्यास शेवटच्या तीन मिनिटांत घालावीत. या सर्व वेळात पळी हातात घेऊ नये. दोन्ही कान धरून भांडे हलकेच फिरवावे.

शेवटी पहिला दाट रस कडेने ओतावा आणि आच अगदी बारीक करावी. कडेला लहान बुडबुडे दिसेपर्यंतच थांबावे, उकळी येऊ देऊ नये. आंबट आणि उकळी एकत्र आली की नारळाचा रस फुटतो. त्याचे तेल वर आणि पाणी खाली होते. फुटलेला रस्सा खाण्यास अपायकारक नसतो, पण त्याचे रेशमीपण गेलेले असते आणि ते कशानेही परत येत नाही. कोथिंबीर घालून झाकून दहा मिनिटे मुरू द्यावा.

एक भांडे, दोन चवी

आता मिठाविषयी. भातावर घ्यायच्या कडीत मीठ जास्त असते, कारण गोव्यात भात बहुधा बिनमिठाचा शिजतो आणि कडीचे मीठ दोघांत वाटले जाते. वाटीतून खायच्या रश्श्यात ही वाटणी होत नाही. त्यामुळे नेहमीच्या सवयीपेक्षा मीठ, तिखट आणि आंबट साधारण एक-तृतीयांशाने कमी ठेवावे लागते. जागतिक आरोग्य संघटनेने दिवसाला पाच ग्रॅमपेक्षा कमी मीठ सुचवले आहे, आणि मधुमेहाच्या जोडीला रक्तदाब अनेकदा असतोच.

पण घरात सगळेच भात सोडत नाहीत. सासऱ्यांना पथ्य, नातवाला भातच हवा, आणि दोन चुली सांभाळणारी एकच बाई, असे चित्र पुष्कळ घरांत दिसते. पथ्याचे जेवण वेगळे शिजवावे लागते, ते फिके असते, ज्याचे पथ्य त्यालाही आपण ओझे झाल्यासारखे वाटते, आणि एक दिवस ते सुटते. आहार मोडण्याचे हे कारण माणसाच्या जिभेपेक्षा स्वयंपाकघराच्या व्यवस्थेत अधिक आहे. या रश्श्याचा सर्वांत मोठा फायदा इथे होतो. दाट रस घालून झाल्यावर पथ्याच्या वाट्या आधी वाढून घ्याव्यात. भांड्यात उरलेल्या रश्श्यात मग मीठ पुरते करावे, आणखी दोन सोले चुरगळून घालावीत, हवी तर लाल मिरचीची चमचाभर पूड थोड्या खोबरेलात परतून वर ओतावी. भातासाठी कडी तयार. एकच मासळी, एकच भांडे, आणि ताटावर बसलेल्यांना जेवण एकच वाटते.

वाटीबरोबर काय घ्यावे, यासाठी फार शोधाशोध नको. किसलेला फ्लॉवर कोरडाच परतून भाताच्या जागी ठेवण्याची कल्पना लोकप्रिय आहे; ती वाईट नाही, परंतु त्याला भात म्हणून वाढले की तुलना होते आणि तुलनेत तो हरतो. त्यापेक्षा तेंडलीची परतून केलेली भाजी, नारळ घातलेली कोबीची फोडी किंवा काकडीची कोशिंबीर हे त्यांच्या स्वतःच्या नावाने बरे लागतात. सोलकडी साखरेविना.

नारळाच्या बाबतीत हात आवरता

कर्बोदके कमी केली म्हणजे स्निग्ध पदार्थ हवे तितके घ्यावेत, हा समज या आहाराबरोबर पसरला आहे. नारळाचा बहुतांश स्निग्धांश संपृक्त असतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या शिफारशीप्रमाणे संपृक्त स्निग्धांचा वाटा एकूण उष्मांकांच्या दहा टक्क्यांहून कमी असावा. २,००० उष्मांकांच्या आहारात हे प्रमाण सुमारे २२ ग्रॅम येते. या रश्श्याच्या एका वाटीत त्याचा निम्मा किंवा अधिक भाग सहज जातो. म्हणून वरून खोबरेल ओतणे, मलई घालणे किंवा त्याच दिवशी नारळाचे दुसरे पदार्थ करणे टाळावे. कोलेस्टेरॉल वाढलेल्यांनी दाट रस अर्धाच घालावा. मासळीच्या अर्कामुळे रस्सा तरीही पाणचट होत नाही.

याहून महत्त्वाची सूचना औषधांसंबंधी आहे. इन्सुलिन घेणाऱ्यांनी, तसेच ग्लायमेपिराइड, ग्लिबेनक्लामाइड यांसारख्या गोळ्या घेणाऱ्यांनी भात एकदम कमी करू नये. औषधाची मात्रा पूर्वीच्या भातावर बेतलेली असते. भात गेला आणि मात्रा तीच राहिली, तर साखर धोकादायक पातळीपर्यंत खाली येऊ शकते. घाम सुटणे, हात थरथरणे, गोंधळल्यासारखे होणे ही त्याची लक्षणे. अशा वेळी आहाराचा विचार बाजूला ठेवून तत्काळ साखर द्यावी लागते. डॅपाग्लिफ्लोझिन, एम्पाग्लिफ्लोझिन या गटातील गोळ्या चालू असताना कर्बोदके फारच कमी केल्यास रक्तात आम्ल साचण्याचा, म्हणजे किटोॲसिडोसिसचा, धोका वाढतो, आणि साखर फारशी वाढलेली नसतानाही तो उद्भवू शकतो. मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांच्या बाबतीत मासळीचे वाढीव प्रमाण ठरवण्याचा अधिकार डॉक्टरांचाच. गर्भवतींनी हा आहार आपल्या मनाने सुरू करू नये.

दुसऱ्या दिवशी

‘कालची कडी’ हा गोव्याचा जिव्हाळ्याचा विषय. आटवलेली, दाट झालेली आदल्या दिवशीची कडी सकाळी पोयीबरोबर खाण्यात जो आनंद आहे, तो इथे तसाच मिळणार नाही, कारण आटवताना मीठ घट्ट होत जाते आणि सोबतीला पोय हवीच असते. उरलेला रस्सा दोन तासांच्या आत शीतपेटीत ठेवावा. ठेवताना मासळीचे तुकडे वेगळ्या डब्यात काढावेत. ती रसात राहिली तर गरम करताना चुरा होते. सकाळी रस आधी मंद आचेवर पुरता गरम करावा, चव घेऊन लागल्यास थोडे पाणी घालावे आणि मगच तुकडे सोडावेत. मुळा आदल्या दिवसापेक्षा दुसऱ्या दिवशी अधिक चवदार लागतो, असे तो खाणारे सांगतात. मासळी मात्र पहिल्याच दिवशी संपलेली बरी.